उरलेलं मटण, उरलेला वार

नाही, पण मला एक सांगा, आठवड्यात वार किती? सात. बरोबर? मग आमच्या घरात त्यातले मटण खायला मोकळे किती असतील, सांगा बरं... नाही, अंदाज करा... दोन! बुधवार आणि रविवार! बाकीचे पाच देवांनी आणि आमच्या घरातल्या माणसांनी आपसांत वाटून घेतलेत, आणि मी पाटबंधारे खात्यात चौतीस वर्षं पाणीवाटपाचे तक्ते केलेला माणूस आहे हो, पण इतकं काटेकोर वाटप मी सरकारात कधी पाहिलं नाही! सोमवार माझा, महादेवाचा. मंगळवार आणि शुक्रवार माझ्या आईचे, वणीच्या देवीचे. गुरुवार आमच्या हिचा, दत्ताचा. शनिवार मारुतीचा, तो सगळ्यांचा मिळून. शिवाय एकादशी, चतुर्थी, पौर्णिमा या मधूनमधून पाहुण्यासारख्या येणार त्या वेगळ्याच. हसू नका. तुमच्या घरचा तक्ता मांडायला बसलात ना, तर तुमचाही रविवारच उरेल.

तर तुम्हाला सांगतो, या तक्त्यात मी परवा असा अडकलो, असा अडकलो... थांबा, नीट सांगतो. आमची तेजस्विनी, म्हणजे आमची एकुलती एक मुलगी, दोन वर्षं इंग्लंडात आहे. लीड्स नावाचं गाव आहे, तिथे शिकली, तिथेच नोकरीला लागली. दोन वर्षांनी पहिल्यांदा घरी आली, गुरुवारी आली आणि पुढच्या बुधवारी संध्याकाळी परत जायची. सहा दिवस! आणि येण्याआधी तिने ऑनलाइन काय मागवलं असेल? ओव्हन! हे एवढं खोकं! नाशकातल्या आमच्या द्वारकेच्या चौकातून तो डिलिव्हरीवाला ते स्कूटरवर पुढे ठेवून कसा आला, ते त्याचं त्याला ठाऊक. ओव्हन ठेवला गॅलरीत, कारण आमचा देव्हारा स्वयंपाकघरात, तिथे मटण चालत नाही.

रविवारी सकाळी पोरगी म्हणाली, "पप्पा, आज मी करते. तिकडे रविवारी सगळे करतात तसं. अख्खी तंगडी आणा." मी गेलो आमच्या बारकू खाटकाकडे. म्हटलं, तंगडी दे. त्याने सुरा उचलला. म्हटलं, अरे तुकडे नको. अख्खी. त्याचा सुरा हवेतच! "काका, अख्खी? घरी माणसं किती?" म्हटलं, चार. "चार माणसं आणि एक तंगडी, मग वाटून कशी घेणार?" मागे रांगेतली सगळी मंडळी माझ्याकडे बघायला लागली. एक बाई तर म्हणाली, "भाऊ, कुकर केवढा आहे तुमच्याकडे?" आता यांना काय सांगणार, मला तरी कुठे माहीत होतं!

घरी आणली. पोरीने तिला मीठ-मिरी चोळली, लसूण खोचला, बाजूला बटाटे लावले... सालासकट हो! कापलेसुद्धा जेमतेम... आणि दार लावून टाकलं. म्हणाली, "दोन तास उघडायचं नाही." उघडायचं नाही? अहो, आपल्याकडे मटण शिजतं म्हणजे काय असतं? दर पाच मिनिटांनी झाकण काढायचं, वास घ्यायचा, पळीने हलवायचं, तळहातावर थेंब टाकून मीठ बघायचं, मग शेजारणीलाही बघायला लावायचं. निम्मं मटण तर बघण्यातच संपतं! इथे काय? आत एक पिवळा दिवा आणि बाहेर आम्ही. माझी आई, मालनबाई, वय वर्षं एक्क्याऐंशी, सटाण्याकडची, चाळीस वर्षं नाशकात राहून अजून अहिराणीच बोलते, तिने आपला पाट आणला आणि बसली काचेसमोर. मला विचारते, "पेटीमा काय चाली राहिनं रे?" म्हणजे आत काय चाललंय? म्हटलं, आई, मला काय माहीत, मी काय आत बसलोय का? पण खरं सांगू, मलाही तेच विचारायचं होतं. मी पण स्टूल आणलं. आमची ही पण येऊन उभी राहिली. शेजारचा समाधान वाटी घेऊन आला होता साखरेला, तोही थांबला. पोरगी म्हणाली, "अहो, टीव्ही आहे का हा?"

आणि बाहेर काय आलं? तपकिरी. सगळं तपकिरी. रस्सा नाही. तर्री नाही. मी ताटात भाकरी घेऊन बसलोय, आता ती भाकरी बुडवू कशात? आणि इथे, तुम्हाला सांगतो, माझी जीभ घसरली. एक घास तोंडात न घालता, चाखून न बघता मी म्हणालो, "मसाला कुठंय याच्यात? हे काय, दवाखान्यातलं जेवण? दोन वर्षं हे खातेस तू?" आमचा सासरा असता तर तोही इतकं तोडून बोलला नसता. पोरीने सुरी खाली ठेवली. मी सकाळची मेथी भाकरीशी खाल्ली. हिने दोन तुकडे खाल्ले आणि चांगलं झालंय म्हणाली, आई बटाटा चघळत बसली, समाधानने मात्र वाटी खाली ठेवून पाच तुकडे हाणले आणि साखर विसरून गेला. निम्मी तंगडी उरली. बटाटेही उरले.

ताटं उचलता उचलता पोरगी एवढंच म्हणाली, "राहू दे. उद्या उरलेल्याचं कॅसरोल करते, ते तरी आवडेल." आमच्या हिने लगबगीने पोळ्यांचा डबा पुढे केला. तेव्हा कळलं की कॅसरोल नावाचा पदार्थही असतो! म्हणजे उरलेलं मटण हाडावरून काढायचं, खाली ते पसरायचं, त्यावर कांदा-गाजर, त्यावर हाडं उकळून काढलेला रस, आणि वरून उरलेल्या बटाट्याच्या चकत्या, एकावर एक कौलांसारख्या लावायच्या, की परत पेटीत. रस म्हटल्याबरोबर माझे कान टवकारले. रस! म्हणजे भाकरी बुडणार! मनात म्हटलं, उद्या दोन वाट्या मागून घेऊ, पोरीला तोंडभरून चांगलं म्हणू, आजचं फिटून जाईल. तेवढीच एक इच्छा होती हो माझी. सहा दिवसांतले तीन उरलेत, तेवढ्यात तिला एकदा छान म्हणायचं. मागणं फार मोठं आहे का हे?

पण उद्या वार कोणता?

सोमवार. माझा! सकाळी पोरीने मटण बाहेर काढलं तसा मी ओरडलो, "अगं, आज नको, आज माझा सोमवार!" ती म्हणाली, "पप्पा, तिकडे सोमवार याच्यासाठीच असतो. रविवारी भाजायचं आणि सोमवारी उरलेल्याचं करायचं, घराघरात." मी म्हटलं, तिकडचा सोमवार वेगळा, इकडचा महादेवाचा. "तुम्ही कधीपासून सोमवार धरायला लागलात? मी होते तेव्हा तर नव्हता." मी म्हटलं, "आहे माझं काहीतरी." आणि पेपर उघडला. मटण परत फ्रिजरमध्ये.

मंगळवार. वार कोणाचा? आईचा. मी सहज म्हणून खडा टाकून बघितला, म्हटलं, आई, गॅलरीत केलं तर? गॅलरी काय घरात येते का? आईने माझ्याकडे अशी नजर टाकली की मी त्या गॅलरीतच जाऊन उभा राहिलो. वरून म्हणते, "शिळं शे ते. तीन दिननं शिळं." म्हटलं, आई, फ्रिजरमध्ये काही शिळं होत नाही. "मंग माले बी ठेव त्यामा," म्हणाली.

तरी मी खूश होतो. का? कारण बुधवार! बुधवार म्हणजे आमच्या घरातला सोन्यासारखा वार, कोणत्याही देवाने हात न लावलेला! पोरगी संध्याकाळी पाचला गाडीत बसणार, दुपारी एकला पेटी उघडणार, मधे चार तास. मी तर वाक्यसुद्धा पाठ केलं होतं. "तेजू, परवा मी चुकलो, हे फार छान झालंय." दाढी करताना आरशात दोनदा म्हणून बघितलं.

बुधवारी सकाळी पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेलो. ओट्यावर पातेलं. पातेल्यात काय? भिजवलेला साबुदाणा! तुम्हाला सांगतो, माझ्या हातातला तांब्या तसाच राहिला. हिला विचारलं, "अगं, साबुदाणा कशाला?" ही म्हणते, "अहो, एकादशी नाही का आज!" मी धावत कॅलेंडरकडे गेलो. बारीक लाल अक्षरात, बुधवारच्या चौकोनात, कोपऱ्यात... एकादशी! आता एकादशीला बुधवारच सापडावा? बाकीचे पाच वार आधीच बंद होते, त्यातल्या एखाद्या दिवशी आली असती तर कुणाचं काय बिघडणार होतं? उपासावर उपास, एका दगडात दोन कामं झाली असती! पण नाही! मोकळा वार बघून तिथेच!

पोरीने ऐकलं आणि फ्रिज लावून टाकला. "जाऊ द्या पप्पा. टाकून द्या मी गेल्यावर." आणि बॅग भरायला गेली. साधंच बोलली, पण मला कसंतरी झालं. टाकून द्या! लेकीने एवढ्या हौसेने केलेलं!

तेवढ्यात पाटावरून आवाज आला. आमची आई. सगळ्यात कडक उपास तिचा, आणि बोलली कोण, तर तीच! "आंडेर गावले जाई राहिनी." आंडेर म्हणजे लेक. " तिले उपाशी धाडशी का? पेटाव ती पेटी!" ही म्हणाली, "आई, एकादशी!" तर म्हणते, "एकादशी आपले शे. प्रवासले निघेल पोरले कशानी एकादशी?" झालं, निकाल लागला! देव्हाऱ्याचा पडदा ओढला, गॅलरीचं दार मधून लावलं आणि पेटी पेटली. मी हळूच जवळ सरकून विचारलं, "आणि मला गं?" आई म्हणाली, "तुले नही. तू कोठे जाई राहिना?"

बघा आता चित्र. गॅलरीत पेटी. पेटीसमोर पाटावर आई, स्टुलावर मी, लावलेल्या दाराला टेकून ही. तिघांच्या हातात साबुदाण्याच्या खिचडीच्या बशा. आत पिवळ्या दिव्याखाली बटाट्याच्या चकत्यांच्या कडा हळूहळू लाल व्हायला लागल्या, मधून रस बुडबुड करत वर यायला लागला, आणि तो वास... अहो, त्या वासाला मसाल्याची काही गरजच नव्हती! भाजलेल्या कांद्याचा, लोण्याचा, हाडाच्या रसाचा. आई खिचडीचा घास घ्यायची आणि विचारायची, "आते काय चाली राहिनं?" आणि मी तिला सांगायचो, "आता कडा तांबूस झाल्या... आता मधलं फुगलं..." क्रिकेटची कॉमेंट्रीसुद्धा इतकं मन लावून कधी कुणी केली नसेल.

मग पोरगी खायला बसली. एकटी. आणि आम्ही तिघं समोर. पहिला घास तिने फुंकून तोंडात घातला आणि डोळे मिटले. मला राहवेना. म्हटलं, "कसं लागतंय?" ती म्हणाली, "मऊ." म्हटलं, "नुसतं मऊ? म्हणजे कशासारखं?" मग बटाट्याबद्दल विचारलं. कांदा गोड लागतो का विचारलं. रस दाट की पातळ, भाकरी बुडेल का, गाजराची चव उतरते का... पोरगी घास घ्यायची आणि उत्तर द्यायची, घास घ्यायची आणि उत्तर द्यायची. आणि शेवटी मी विचारलं, "हे तुला शिकवलं कुणी?"

दोन वर्षांत हे मी पहिल्यांदा विचारलं, बरं का. फोनवर रोज विचारायचो, जेवलीस का? ती म्हणायची, जेवले. काय जेवलीस, हे नाही विचारलं कधी. बापांचं असंच असतं, जेवली म्हटलं की संपलं. तर म्हणाली, पहिल्या हिवाळ्यात दुपारी चारलाच अंधार पडायचा, ती खोलीत बसून रडायची, आम्हाला सांगायची नाही. तिची घरमालकीण होती, सत्तरीची, एकटीच. तिने एका सोमवारी दार वाजवलं आणि हेच पुढ्यात ठेवलं. उरलेल्याचं. म्हणाली, एकटीसाठी तंगडी भाजली की उरतंच, तू ये दर सोमवारी. मग ही दर सोमवारी जायची. "मला बरं वाटायचं पप्पा ते खाल्लं की. म्हणून तुम्हाला करून घालायचं होतं."

मी बशीतली खिचडी चमच्याने नुसती इकडून तिकडे करत राहिलो. आणि तेवढ्यात आमच्या आईने काय करावं? पटकन सांगून टाकलं! की हा तुझा बाप सोमवार धरतो ना, तो तुझ्यासाठीच धरतो. तू विमानात बसलीस त्याच्या दुसऱ्या दिवशी त्र्यंबकला गेला आणि बोलून आला, पोरगी सुखरूप परत येऊ दे, तोवर सोमवारी तोंडाला मटण लावणार नाही.

पोरीने चमचा खाली ठेवला. माझ्याकडे बघितलं. "पप्पा... मी गुरुवारी आले ना?" म्हटलं, हो. "सुखरूप आले ना?" म्हटलं, हो. "म्हणजे गुरुवारीच नवस फिटला! मग सोमवारी तुम्ही कशाचा उपास करत होतात?"

अहो... हे माझ्या डोक्यातच नाही आलं! चौतीस वर्षं तक्ते केले मी! पोरगी समोर उभी, हातात मटण, आणि मी पोरगी परत यावी म्हणून तिच्याच हातचं मटण नको म्हणतोय! देव वर कपाळाला हात लावून बसला असेल. ही हसायला लागली, आई हसायला लागली, पोरगी तर हसता हसता रडायला लागली. मी म्हटलं, अगं पण सवय लागलेली ना. आणि ते पाठ केलेलं वाक्य? राहूनच गेलं. चाखलंच नाही तर छान झालंय कसं म्हणणार? एकदा न चाखता बोलून बसलो होतोच की.

जाताना तिने निम्मं कॅसरोल डब्यात भरून फ्रिजरमध्ये ठेवलं आणि वर चिठ्ठी चिकटवली. "रविवारी खाणे. मधे उघडून बघू नये. रविवारनंतर टाकून देणे." गाडीत बसताना म्हणाली, "पप्पा, रविवारी मी फोन करणार. कसं झालंय ते खरं सांगायचं."

गुरुवार हिचा, शुक्रवार आईचा, शनिवार मारुतीचा. मी रोज फ्रिजर उघडायचो, चिठ्ठी वाचायचो, बंद करायचो. शनिवारी संध्याकाळी आई म्हणाली, "मनी पिशवी भर. सकाळे गडवर जानं शे." म्हटलं, तुझी पिशवी? गडावर? का गं? "पुनीव शे ना उद्या!"

पौर्णिमा! अहो, बुधवारी एकादशी म्हटल्यावर रविवारी पौर्णिमा येणारच की! बोटावर मोजता येतं! बारस, तेरस, चौदस, पुनव! तीन दिवस मी चिठ्ठी वाचतोय आणि बोटं मोजायचं सुचलं नाही. आई देवीच्या गडावर जाणार आणि मी घरात मटण खाणार? पाय टेकतील का तिचे त्या पायऱ्यांवर?

आता करायचं काय? टाकून द्यायचं? छे! मग मी समाधानला हाक मारली. त्याला कसलाच वार नाही. एकही नाही! असा माणूस प्रत्येक गल्लीत एक असावा, तुम्हाला सांगतो. चिठ्ठीतल्यासारखं न उघडता गरम केलं, त्याला स्टुलावर बसवलं, पुढ्यात डबा ठेवला आणि मी वही-पेन घेऊन समोर. "खा. आणि नीट सांग." तो म्हणाला, "काका, लय भारी लागतंय." म्हटलं, लय भारी नको, तपशील सांग! वरचा बटाटा कसा? "कडेला कुरकुरीत." आत? "लोण्यासारखा." मटण? "काका, चावावं नाही लागत, विरघळतंय." रस? "दाट. भाकरी आणा ना." भाकरी आणली. त्याने बुडवली. मी बघितली बुडताना.

आणि फोन आला. व्हिडिओवर. पोरगी म्हणाली, "पप्पा, खाल्लं का?" मी रिकामा डबा दाखवला. "कसं होतं?" मी वही समोर धरली आणि म्हटलं, "तेजू, फार छान झालंय. बटाटा कडेला कुरकुरीत, आतून लोण्यासारखा. मटण तर विरघळतं. आणि रसात भाकरी बुडते." पोरगी हळूच म्हणाली, "पप्पा, काल रात्री खोलीवर येताना चंद्र बघितला मी. जवळजवळ गोल होता." मी वही खाली घेतली. "आजी गडावर गेली ना?" म्हटलं, हो. "समाधानदादाला सांगा, पोट भरलं असेल तर बोटं पुसून घे, मागे दिसतोय तो." मी कॅमेरा फिरवायला गेलो तर पोरगी म्हणाली, "असू द्या पप्पा. मसाला कुठंय असं नाही म्हणालात ना, बास झालं मला."

तर असं आहे. तंगडी मी आणली, पेटीसमोर दोनदा मी बसलो, आणि चव विचाराल तर मला अजून माहीत नाही. आज सोमवार. आज घरात वरणभात. ही म्हणाली, नवस फिटला ना, सोडा की आता सोमवार. म्हटलं, फिटला होता, पण पोरगी परत गेली ना! म्हणून सकाळी त्र्यंबकला जाऊन आलो. मागणं तेच, जुनंच, देवा, पोरगी सुखरूप परत येऊ दे. फक्त या वेळी खाली एक ओळ जोडलीय... जमलं तर वार बघून आण.